शिडीखालचा चॅम्पियन

मी, बाळकृष्ण सोनू चाळके, माजी सैनिक, मूळ राहणार तालुका चिपळूण, सध्या मुक्काम सहम, ओमान, लिहून ठेवतो की रविवारी माझ्या हृदयाचे ऑपरेशन आहे. डोके ठिकाणावर आहे, कुणी बळजबरीने लिहून घेत नाही. यापूर्वी मृत्युपत्र केलेले नाही.

१) पलटणीबरोबर काश्मिरात असताना मी स्की-जंपिंग शिकलो. पायांना लांब पट्ट्या बांधून बर्फाच्या उतारावरून सुसाट यायचे आणि टोकावरून हवेत झेप घ्यायची. १९९२ साली सैन्याच्या स्पर्धेत पहिला आलो. तो कप आणि कपाटावर चादरीत गुंडाळलेल्या पट्ट्या मुलगी शिवांगीला द्याव्यात. पुढच्याच हिवाळ्यात हवेत तोल गेला, बरगड्या मोडल्या. त्या जुळल्या, पण उंचीची भीती बसली ती बसलीच. लोकांना मी गुडघा दुखतो असे सांगत आलो.

२) या भाड्याच्या घराची पाण्याची टाकी गच्चीवर आहे. वर जायला लोखंडी शिडी, ती आमची स्वतःची. भर उन्हात माझी पत्नी ललिता पदर खोचून टाकी धुवायला चढते आणि सैन्यातला चॅम्पियन खाली शिडी धरून उभा. शेजारी बघतात, मला मेल्याहून मेल्यासारखे होते. शिवांगीने एकदा विचारले, "बाबा, ऑलवेज मम्मीच का जाते? तुम्ही तर फ्लाय करायचे ना?" मी तिला अभ्यासाला बसवले. शिडी ललिताची.

३) इथल्या महाराष्ट्र मंडळाचा सेक्रेटरी राकेश कदम दर महाराष्ट्र दिनाला मला "आपले उडते चाळके" म्हणून स्टेजवर बोलावून शाल देतो. गणपतीत त्यानेच माळा बांधायला शिडीवर चढवले. मध्यावर मी शिडीला घट्ट मिठी मारली. त्याने धरून उतरवले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असे म्हणाला, "गुडघा ना, चाळके?" बिचाऱ्याने अब्रू झाकली, आणि मी वर्षभर त्याच्याशी बोललो नाही. साऱ्या शाली त्याला परत कराव्यात. माफीही मागायची आहे, ती मात्र मीच मागेन.

४) गावचे घर व बँकेतली शिल्लक ललिताची. धाकटा भाऊ शांताराम याने त्यात तोंड घालू नये, आजवर घातले तेवढे पुरे. ललिताला घरावर माडी हवी होती. वरून नदी दिसेल म्हणायची. दरवेळी गवंडी मीच परत पाठवला. कधी चिरा महाग, कधी मजूर नाहीत. खरे कारण असे की माडी आली की जिना आला. लिहिताना शरम वाटते. ~~माझ्या पश्चात~~ तिने हवी तशी माडी बांधावी.

खुलासा: हे ललिताला वाचून दाखवले. ती म्हणाली, "गुडघ्याचं मला पहिल्यापासून माहीत होतं. पण मेल्यावर माडी? मग वर बसून चहा कुणाबरोबर पिऊ?" म्हणून कलम चारमधील दोन शब्द खोडले आहेत. खाडाखोडीवर माझी सही आहे.

साक्षीदार: राकेश कदम आणि शेजारचा किराणावाला मुनीर. दोघांनी मला सही करताना पाहिले.

सही: बा. सो. चाळके. अक्षर थरथरले आहे, पण माझेच आहे.

दिनांक: ९ एप्रिल २००४

ठिकाण: सहम, राहत्या घराची गच्ची. शिडी ललिताने धरली होती.