वीतभर बुटकी खुर्ची

तीर्थरूप आईस,
साष्टांग नमस्कार. गुडघे कसे आहेत? पेपरात माझं नाव वाचून घाबरू नकोस, मी ठणठणीत आहे.

काल इथल्या मंत्र्यांनी आपल्या सरकारवरचा राग काढायला मला बोलावलं. राजदूताचं कामच ते, चार शब्द ऐकून घ्यायचे. पण माझ्यासाठी ठेवलेली खुर्ची त्यांच्या खुर्चीपेक्षा चांगली वीतभर बुटकी, आणि समोर फोटोवाले! मी म्हटलं, "मी उभीच बरी." आता बाई उभी असताना त्यांनाही बसता येईना. सगळी बोलणी उभ्यानेच झाली. पाय भरून आले, पण मान खाली गेली नाही.

आपल्या खात्यातले साहेब फोनवर चिडले. "बसला असतात तर काय बिघडलं असतं? दिलगिरी कळवा, नाहीतर परत या." मी कळवणार नाही. वहिनीला सांग, माझ्या खोलीतल्या गाद्या हलवून ठेव.

आठवतं, माझ्या प्रवेशासाठी तू हेडमास्तरांपुढे किती वेळ उभी होतीस? शेजारी खुर्ची रिकामी होती. तुला कुणी बस म्हटलं नाही, म्हणून तू उभी राहिलीस. काल मला सगळे बसा बसा म्हणत होते गं, तरी मी बसले नाही.

तुझी,
हट्टी धाकटी