गूजबेरी उपटताना

डोंगरावरची छावणी,
१२ ऑगस्ट

ताई,

तुला नमस्कार, बाबांना नमस्कार. मी बरा आहे. पुढे 'तुम्हीही बरे असाल' असं लिहायचं असतं, पण तुझं पत्र वाचल्यावर ते लिहवेना.

इथलं काम ऐक. या जंगलात रानटी गूजबेरीची झुडपं आहेत, कमरेएवढी, काटेरी. ती शोधून मुळासकट उपटायची. आम्ही चौघं एकमेकांना हाका मारत ओळीनं चढतो. सध्या फळं पिकलीत. एवढी आंबट की दात आंबतात, वर त्यांनाही बारीक काटे. तरी खातो. परवा एक कोल्हीण तीच खात होती. माझ्याकडे असं बघितलं तिनं, जसा काही मीच चोर! असो. भरकटलो.

तर त्या झुडपांच्या पानांवरून इथल्या पाइनच्या झाडांना तांबेरा रोग लागतो. मी मुकादमाला म्हटलं, "पण हे तर हिरवंगार आहे की!"

"त्याला काय होतंय? चार पानं गळतात, पुढच्या साली पुन्हा टुणटुणीत. मरतो तो शेजारचा पाइन. आणि राजे, काल तुम्ही नुसता वरचा पाला ओरबाडलात. मुळं तशीच आहेत. जा, खणा परत."

दुपारभर खणलं. पाठ मोडली. तिथंच मातीत बसून तुझं पत्र पुन्हा काढलं.

"मी दमले. ये." एवढंच. बाबांना उठवणं, भरवणं, कूस बदलणं, सगळं तुझ्यावर. आणि मी टुणटुणीत.

मागच्या वेळी पाव आणतो म्हणून निघालो तो थेट बसस्टँडवर गेलो. सकाळी बाबांची दाढी करताना त्यांनी माझं मनगट धरलं होतं. त्या हातात काही जोरच नव्हता गं. मला तिथं उभं राहवेना. तू नंतर एका शब्दानं बोलली नाहीस. चार शिव्या घातल्या असत्यास तर बरं झालं असतं.

शनिवारी निघतोय, रविवारी दुपारी पोचेन. बाबांना सांगायचं की नाही, ते तू ठरव. पण तुझी बॅग भरून ठेव. मावशीकडे जा, मैत्रिणीकडे जा, नुसती झोप काढ. औषधं कधी कोणती, ते दारातच सांग आणि नीघ. चहाला म्हणूनसुद्धा थांबू नकोस.

तू घरात असलीस की मला पळता येतं.

तुझा धाकटा,
अजून तरी पळपुटा