बैलाईचा सुपुर्दनामा

साखरखेर्डा
ता. १९ मे १९६९

तीर्थरूप उद्धवदादास,

तानाचा साष्टांग नमस्कार. आमी इकडं बरे हाओत. वहिनी आन लेकरं खुशाल असतीन. ऊन लय तापून राह्यलं, विहिरीनं तळ गाठला.

हे पत्र तुहे जवाई सांगून राह्यले आन मी लिहून राह्यली. काऊन की तुह्या लेकीच्या, वासंतीच्या लग्नात तू त्यायले चारचौघात रिकामटेकडा म्हटलं, तवापासून तुह्याशी त्यायचं बोलनं बंद हाय. पन गरज पडली का मानूस बायकोच्या हातानं बोलते.

तर त्यायचं म्हननं असं. परवाना नसताना नदीची रेती वाह्यली म्हनून पोलिसायनं आपली गाडी धरली. गाडी ठान्याच्या आवारात उभी हाय, बैल कोंडवाड्यात. केसचा निकाल लागेपर्यंत गाडी-बैल आमच्या ताब्यात द्या, असा अर्ज वकिलानं मेहकरच्या कोर्टात टाकला. त्याले सुपुर्दनामा म्हनतात. कोर्टातल्या साहेबानं बैलाईची बाजारपावती मागतली, तर तिच्यावर नाव तुहं. माह्या लग्नात आंदन द्याले तू बैल घेतले, तवा पावती तुह्या नावानं फाटली आन पुढं कोनाच्याच ध्यानात राह्यलं नाही. साहेब म्हनले, मालकाले आना.

म्हनून येत्या सोमवारी कोर्टात येऊन सांगाचं, बैल जवायाचे हायत. आन तुह्या नावानं वावर हाय तर गाडीलेही जामीन राह्याचं. मृग तोंडावर आला. बैल नाही सुटले तर वावर पडीक राहीन.

इथवर त्यायचं. ते आता पारावर गेले. त्यायले वाचता येत नाही, म्हनून खालचं मी लिहू शकून राह्यली.

गाडी कशी धरली, ते त्यायनं मले लिहू नाही देल्लं. समोरचा हिंमतराव आन हे संगच रेती काढत होते. काठच्या थडीखालून कोरत कोरत गेले, आन वरून थडी बसली. हे गाडीत टोपलं ओताले बाजूले आले होते म्हनून वाचले. हिंमतराव खाली सापडला. ह्यायनं हातानं उकरलं, सारं गाव धावलं, पन काढला तवर तो सरला होता. मंग पोलिस आले आन गाडी धरली. त्याची बायको सिंधू समोरच राह्यते. सकाळी मी सडा टाकाले निघाली का तिच्या दाराकडं मले पाहवत नाही.

एवढं झालं तरी हे काय म्हनतात? म्हने, गाडी सुटू दे, आपुन वरच्या अंगाले लागू, तिथली थडी पक्की हाय. मी म्हटलं, "तुमाले काय नदीनं कानात येऊन सांगतलं?" तर म्हने, तुले काय समजते. दादा, मले फार भेव वाटते. हिंमतरावले काढलं तसं उद्या ह्यायले काढतीन, हेच डोयापुढं येते.

म्हनून तू ये, पन गाडीले जामीन राहू नको. सडू दे तिले ठान्यात. बैल मातर सोडव. आन ते जवायाचे म्हनू नको, तुहेही म्हनू नको. आंदन कोनाले देल्लं होतं तू? मले. तेच साहेबाले सांग आन सुपुर्दनामा माह्या नावानं होऊ दे. मंग हे कोनाच्या गाडीले बैल जुपतो म्हनले, तर मी तो कागद पुढं करीन. म्हनीन, कोर्टानं बैल माह्या हवाली केले, ते वावरात जातीन, नदीत नाही.

हे चिडतीन. तुह्याशी बोलत नाहीत, माह्याशीही बोलाचे नाहीत. नाही बोलू दे. न बोलनारा नवरा घरात तरी असते.

वहिनीले हे सांगू नको, तिले उगी घोर लागते.

सुपुर्दनाम्यावर अंगठा लावाची गरज नाही, मले सही येते. पूर्न नावाची कधी केली नव्हती, आज केली. कोर्टात हीच करीन.

तुही बहीन,
तानाबाई इंद्रभान मेहेत्रे