पैलतीरावरचं फडकं

दि. ६ जून

चि. भिंगरीस काकूचे पोटभर आशीर्वाद. वि. वि.

तुझं पुस्तक टपालानं सुखरूप पोचलं. आधी देवापुढे ठेवलं, मग उघडलं. वरचं वेष्टण मी टाकलेलं नाही, कागद चांगला जाड आहे. हे पत्र त्याच्याच पाठीवर लिहिते आहे, हसू नकोस. तुझं छापील नाव तुझ्या काकांनी इतक्यांदा मोठ्यानं वाचलं की शेजारणीला वाटलं घरात कुणाचं लग्न ठरलं. विजेचा मीटर बघायला आलेल्या माणसालासुद्धा त्यांनी पुस्तक दाखवलं. त्या बिचाऱ्यानं हात पुसून ते धरलं आणि निमूटपणे एक पान वाचूनही दिलं.

पहिलीच गोष्ट बहिऱ्या नावाड्याची. वर तू लिहिलंयस की ही माझ्या काकूच्या माहेरी घडलेली खरी हकिकत आहे. अगं वेडे, माझ्या माहेरी नदी होती कुठे? एक विहीर होती, तीही उन्हाळ्यात तोंड फिरवून बसायची. तुझे काका म्हणाले की सासुरवाडीला उन्हानं टाळकं तापायचं, तिथला नावाडी केसाळ टोपी घालून कशाला बसेल? लहानपणी तुला सगळ्याच गोष्टी मी आमच्या माहेरच्या म्हणून सांगत असे. राक्षसही माझ्या माहेरचाच असायचा. तो खरा मानला नाहीस, आणि नावाडी मानलास?

पण वाचताना माझे डोळे भरले. पैलतीरावरून ती मुलगी हाका मारते आहे आणि हा आपला पाठ करून बसलाय. बहिरेपण कळलं तर नाव काढून घेतील, म्हणून तो ते लपवतो, हे मात्र मी सांगितल्याचं आठवत नाही. सांगितलं असेन. वय झालं आता.

तुझ्या बाबांच्या डोळ्यांचं ऑपरेशन झालं. मोतीबिंदू पार जुना झाला होता, किती वर्षं अंगावर काढलं कोण जाणे. डोळ्यांवर पट्टी आहे. पुस्तकाबद्दल भाऊजी एक शब्द विचारत नाहीत, पण पुस्तक घरात आल्यापासून खुर्ची स्वयंपाकघराच्या दाराशी ओढून बसतात. उद्या सकाळी मी त्यांना वाचून दाखवणार आहे. रागावू नकोस. बापलेकीचा अबोला आता पुरे.

कळावे. माझा लोभ आहेच, तो वापरत जा. नुसता ठेवून दिला की त्याला कसर लागते.

तुझी काकू

•

दि. ९ जून

ती. काकूस शि. सा. न. वि. वि.

हे पत्र हातात पडताच पुस्तक कपाटात घाल आणि बाबांना त्यातलं अक्षरही वाचून दाखवू नकोस. हात जोडून सांगते.

इथल्या एका साप्ताहिकात कुणा प्राध्यापकांनी लिहिलंय की माझी नावाड्याची गोष्ट चोरीची आहे. दूरच्या एका देशात, शंभर वर्षांपूर्वी वारलेल्या एका लेखिकेनं ती लिहिली होती म्हणे. नावाडी तोच, पैलतीरावरची मुलगी तीच, केसाळ टोपीसुद्धा तीच! काकू, मी त्या बाईंची एक ओळ वाचलेली नाही. त्यांची भाषा मला येत नाही. प्रकाशकांनी निरोप धाडलाय की महिनाअखेरपर्यंत लेखी खुलासा द्या, नाहीतर ती गोष्ट काढून टाकू आणि तुमचं दुसरं काही आमच्याकडे छापलं जाणार नाही. ज्या शाळेत मी शिकवते तिथल्या बाई माझ्याकडे बघून बोलणं थांबवतात. आणि वर तू लिहितेस की तुझ्या माहेरी नदीच नव्हती. मग ही गोष्ट तुझ्याकडे आली तरी कुठून?

बाबांना का नको, ते तुला माहीत आहे. मी पहिल्यांदा लिहिलेल्या गोष्टी त्यांना दाखवल्या, तेव्हा कागद परत देताना त्यांनी एवढंच विचारलं होतं, की यात तुझं काय आहे. सगळी परदेशी पुस्तकांची उष्टी वाक्यं आहेत म्हणाले. ते चुकीचं नव्हतं गं, तेव्हा मी पोतीच्या पोती वाचत होते आणि जे वाचेन तसं लिहीत होते. पण ते जिव्हारी लागलं. घर सोडलं ते त्यावरूनच. म्हणून तर नावाड्याला पहिल्या पानावर बसवलं. म्हटलं, ही एक तरी गोष्ट आपल्या स्वयंपाकघरातली आहे, हिच्यावर कुणी बोट ठेवणार नाही. आणि नेमकी तीच परकी निघाली. ही कसली थट्टा, ते तुझ्या देवाला विचारून ठेव.

लगेच लिही. काकांना नमस्कार. तुझा लोभ आहे त्यातला थोडा या दिवसांत जास्त पाठव.

तुझी भिंगरी

•

दि. १३ जून

चि. भिंगरीस काकूचे आशीर्वाद. वि. वि.

बैल गेला आणि झोपा केला अशी गत झाली. तुझं पत्र आलं त्याच्या कितीतरी आधीच भाऊजींना वाचून झालं होतं. आता शांतपणे ऐक.

तू तेव्हा रांगत होतीस आणि तुझी आई होती. भाऊजी दिवसभर छापखान्यात मुद्रितं तपासायचे आणि सुट्टीच्या दिवशी परदेशी पुस्तक, जाडा शब्दकोश आणि कागद घेऊन स्वयंपाकघरात येऊन बसायचे. तुझी आई म्हणायची की हे पुस्तक म्हणजे माझी सवत आहे, पण निदान चहा तरी मागत नाही. त्या पुस्तकातली नावाड्याची गोष्ट ते आपल्या भाषेत आणत होते. वहिनी मॅट्रिक आहेत, त्यांना भिडलं तर सगळ्यांना भिडेल, असं म्हणून एकेक वाक्य मला वाचून दाखवायचे. मी मटार सोलत असायचे. वाचताना त्यांचं लक्ष माझ्या हातांकडे. हात थांबले तर वाक्य ठेवायचं, सोलणं चालूच राहिलं तर खोडायचं. सबंध हिवाळा असा गेला. मग ती एकुलती एक प्रत त्यांनी एका मासिकाला धाडली, मासिक बुडालं, कचेरीला कुलूप लागलं, कागद काही परत आले नाहीत. त्यानंतर शब्दकोश फडताळावर गेला तो कायमचा.

तुझी आई गेल्यावर तू झोपेनास, म्हणून मी तुला ती गोष्ट सांगायला लागले, हिवाळाभर ऐकून पाठ झालेल्या भाऊजींच्याच वाक्यांत. त्या परक्या गावाचं नाव माझ्या जिभेवर वळेना, म्हणून माझं माहेर. गोष्ट घरात आली की घरची होते, असं मला वाटायचं. अजूनही वाटतं.

तर त्या सकाळी मी त्याच जागी बसून वाचत होते आणि समोर भाऊजी, डोळ्यांना पट्टी. माझ्या माहेराचं ऐकून त्यांच्या कपाळाला आठी पडली. पुढे ते वाक्य आलं, की नदी होती तेवढीच होती, हाक मात्र रोज थोडी आखूड होत होती. मी अर्ध्यावर असतानाच उरलेलं वाक्य त्यांनी पुरं केलं. त्याच्या पुढचंही म्हटलं. मग म्हणाले, वहिनी, हे माझं आहे. रागानं नाही गं. हरवलेली छत्री दुसऱ्याच्या दारात दिसावी, तसं. आणि भिंतीला हात लावत बाहेर गेले.

दोन दिवसांनी आपणहून म्हणाले, शेवट वाचा. मुळात ती मुलगी घसा बसेपर्यंत हाका मारून परत जाते आणि नावाडी पाठमोरा भाकरी खात राहतो. तसं सांगितलं तेव्हा तू असा गळा काढलास की तुझे काका बाहेरून धावत आले. माझ्या हातात तुझं नाक पुसायचं फडकं होतं, तेच मी त्या मुलीच्या हाती दिलं. तिनं ते हलवलं, नावाड्यानं मान वळवली, तू झोपलीस. भाऊजींना हे सांगितलं तर म्हणाले, तुम्ही त्या बाईंचा शेवट पार बिघडवलात. थोड्या वेळानं विचारलं, पोरीनं तो तसाच ठेवला? मी म्हटलं, तिला तोच खरा माहीत आहे. त्यावर ते हसले. पट्टी बांधल्यापासून पहिल्यांदा.

खुलाशाचं म्हणशील तर शेजारणीचं भांडं कुणी रिकामं परत करत नाही, त्यात आपल्या घरचं काहीतरी घालतं. भाऊजींनी घातलं, मी घातलं. आता भांडं कुणाचं ते सरळ लिहून टाक. त्यात लाज कसली?

कळावे. इथून लोभ निघाला आहे, वाटेत सांडणार नाही असं बघितलंय.

तुझी काकू

•

दि. १९ जून

ती. काकूस शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र वाचून मी पुस्तक पुन्हा उघडलं आणि एकेका वाक्याशी थांबले. कुठलं बाबांचं, कुठलं तुझं, मला ओळखता येईना. ज्यांना मी नाकासमोर दार लावून आले, त्यांचीच वाक्यं इतकी वर्षं माझी म्हणून लिहीत बसले होते.

प्रकाशकांना सगळं कळवलं. ते तयार आहेत. पहिलं पान नव्यानं छापायचं. त्यावर मी मजकूर दिलाय: गोष्ट त्या लेखिकेची, भाषा बाबांची, शेवट काकूचा. आणि शेवटची ओळ, माझं यात काही नाही. प्राध्यापकांनीही ते मान्य केलं आणि वर पत्र लिहून विचारलं की ही काकू कोण.

नवी प्रत तयार झाली की घेऊनच येते. बाबांची पट्टी तोवर सुटली असेल, त्यांना स्वतःच्या डोळ्यांनी त्यांचं नाव वाचू दे. रिकाम्या हातानं त्यांच्यासमोर उभी राहायची माझी छाती नाही.

काकांना सांग, टोपी तशीच राहणार आहे. लोभ धरून राहा, मी वाटेतच आहे असं समज.

तुझी भिंगरी

•

दि. २ जुलै

चि. भिंगरीस काकूचे आशीर्वाद. वि. वि.

भाऊजींची पट्टी निघाली, पण छातीत कफ भरला म्हणून इस्पितळात ठेवलं आहे. काळजीचं नाही. खाट खिडकीजवळ मिळाली आहे आणि शेजारी एक घड्याळजी आहे, दोघांचं जमलंय. तुझे काका डबा पोचवतात आणि परत येताना तिथल्या परिचारिकेचं कौतुक घेऊन येतात, तेवढं मी ऐकून घेते.

भाऊजी रोज टपाल आलं का विचारतात. काल म्हणाले, त्या गोष्टीत तिचं काय आहे ते मला सापडलंय. मी विचारलं काय, तर सांगेनात. म्हटलं, सांगा, मी लिहून पाठवते. तर म्हणाले, असली गोष्ट दुसऱ्याच्या अक्षरात जात नाही, ती आली की सांगेन. हट्टी कोण जास्त, तू की ते, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

पुस्तकाची वाट बघू नकोस. ते मागून येईल. तू ये.

कळावे. या खेपेला लोभ पत्रातून नको, प्रत्यक्ष घेऊन ये.

तुझी काकू

•

दि. ६ जुलै

ती. काकूस शि. सा. न. वि. वि.

काळजीचं नाही हे वाचून जिवात जीव आला. पान छापून झालंय, आता बांधणीला गेलंय. शुक्रवारी प्रत हातात देतो असं प्रकाशकांनी शब्द देऊन सांगितलंय, शनिवारी पहिल्या गाडीनं निघते. इतकी वर्षं गेली, आणखी चार दिवसांनी काय बिघडतंय? बाबांना म्हणावं, मला काय सांगायचं ते विसरू नका. मी कान उघडे ठेवून येते आहे.

लोभ शनिवारपर्यंत सांभाळून ठेव.

तुझी भिंगरी

•

दि. २९ जुलै

चि. भिंगरीस काकूचे आशीर्वाद.

तू परत गेलीस आणि घर मोठं झालं. खुर्ची अजून स्वयंपाकघराच्या दाराशीच आहे. तुझे काका ती हलवू देत नाहीत आणि तिच्यावर बसतही नाहीत.

भाऊजी गेल्यावर तू आलीस, पुस्तक छातीशी धरून ओसरीवर बसलीस आणि जाईपर्यंत ते कुणाच्या हाती दिलं नाहीस. सारखी एकच गोष्ट बोलत होतीस, की चार दिवस आधी निघाले असते तर. भिंगरे, ते सगळं तुझ्या एकटीच्या माथी घेऊ नकोस. काळजीचं नाही असं मी लिहिलं होतं. तू घाबरू नयेस म्हणून लिहिलं. औषधाच्या दुकानातून फोन करता आला असता. पण टपालानं भागतंय तर फोन कशाला, ही माझी आयुष्यभराची खोड. काटकसर कुठे करावी ते मला या वयातही कळलं नाही. देवापुढे बसते, पण जपात मन लागत नाही.

काल तो घड्याळजी आला होता. बरा होऊन सुटला, भाऊजींची शाल त्याच्याकडे राहिली होती ती द्यायला. चहा घेताना सांगायला लागला की शेवटच्या संध्याकाळी भाऊजींनी त्याला एक गोष्ट सांगितली. सुरुवातच अशी केली म्हणे, की आमच्या वहिनींच्या माहेरी एक नदी होती. एकेका शब्दासाठी शब्दकोश चाळणारा माणूस!

मग नावाडी आपलं बहिरेपण लपवतो, तिथे आले आणि भाऊजी थांबले. घड्याळजीला म्हणाले, इथे नीट ऐका, हे माझ्या मुलीचं आहे. मूळ बाईंच्या गोष्टीत नावाडी नुसता बहिरा आहे. मीही तसाच लिहिला, वहिनींनीही तसाच सांगितला. तो भ्यालेला आहे, हे एकट्या माझ्या मुलीनं ओळखलं. दिसेनासं झालं तरी छापखान्यात मी कळू दिलं नाही, काढून टाकतील म्हणून. घरातही बोललो नाही. मला वाटायचं कुणाच्या लक्षात आलं नाही. ती तेव्हा एवढीशी होती, कोपऱ्यात बसून सगळं बघत होती. असं म्हणून त्यांनी पुढची गोष्ट सांगितली, फडक्यापर्यंत. घड्याळजीनं विचारलं, मुलगी कुठे असते, तर म्हणाले, येते आहे, शनिवारी.

सांगायचं राहिलं होतं ते हेच. दुसऱ्याच्या अक्षरात जात नाही म्हणाले होते, तरी मी लिहिते आहे. दुसरं काय करू?

तू जाताना ठेवून गेलेली नवी प्रत मी रात्रभर उशाशी ठेवली होती. आज सकाळी आंघोळ करून ती देवापुढे ठेवायला घेतली आणि पहिलं पान पुन्हा वाचलं. पुस्तकावर रेघ ओढणं मी जन्मभर पाप मानलं. तरी दौत काढली, आणि माझं यात काही नाही ही शेवटची ओळ खोडली. मगच पुस्तक देवापुढे ठेवलं.

कळावे. लोभ आता दोघांचा मिळून मी एकटीच करते आहे. कमी पडला तर सांग.

तुझी काकू