शंभरपैकी एकतीस

४ मार्च, सकाळी ६
विद्यापीठाचं पत्र. आमच्या अध्यापक महाविद्यालयाची संलग्नता रद्द. कारण: प्राध्यापक सात हवेत, आढळले तीन. तपासणी समितीला मोजता येत नाही. तिघांपैकी एक मी, प्राचार्य, आणि मी एकटी पाच विषय शिकवते. झाले की सात.
विद्यार्थी अडतीस. परीक्षा २० एप्रिलला. संलग्नता नाही तर हॉल तिकीट नाही, म्हणजे वर्ष वाया. अर्थात ती वेळ येणारच नाही. पंधरा दिवसांत निकाल लावते.

५ मार्च
हेडक्लार्क रडवेला. म्हणतो, बाई, समितीचा अहवाल तुम्ही परत पाठवला नसता तर एवढं चिघळलं नसतं.
नुसता परत नव्हता पाठवला. तपासून पाठवला होता. मुलांच्या सराव पाठाला वापरतो त्याच निरीक्षण तक्त्यावर. प्रस्तावना: पाचपैकी एक. विषयज्ञान: शून्य. एकूण शंभरपैकी एकतीस. शेरा: पाठ पुन्हा घ्यावा.
इतक्या आपुलकीने त्यांना आजवर कोणी सुधारलं नसेल.

९ मार्च
वकिलांकडे. फाइल वाचून त्यांनी चष्मा काढला. विचारलं, हे खरंच पाठवलंत? म्हटलं, पोच आहे. म्हणाले, बाई, चार माणसं नेमतो, एवढं एका ओळीत कळवलं असतं तरी भागलं असतं.
हुशार माणूस, पण घाईचा. याचिकेच्या मसुद्यात अकरा चुका. दुरुस्त करून दिल्या.

१२ मार्च
भाची जेवताना बोलली. धाकट्या बहिणीची मुलगी; माझ्याकडेच राहते, माझ्याच कॉलेजात शिकते. म्हणे, मावशी, एका शाळेने जूनपासून नोकरी कबूल केलीय, फक्त रिझल्ट दाखवायचाय. तू कुलसचिवांना सॉरी म्हण ना.
म्हटलं, मी सॉरी शेवटचं कधी म्हटलं ते आठवतसुद्धा नाही. म्हणाली, मला आठवतं. कधीच नाही. ताट उचलून गेली.
तापट आहे. बहिणीवर गेलीय.

२१ मार्च
कुलसचिवांनी तीन तास बाहेर बसवलं. मग म्हणाले, दोन ओळींचं माफीपत्र द्या, नेमणुका दाखवा, आठवड्याभरात समिती परत पाठवतो.
घाबरलेत. आपली केस मजबूत आहे. नकार दिला.

२ एप्रिल, दुपारी ४
कोर्ट. विद्यापीठाच्या वकिलांनी माझा तक्ता मोठ्याने वाचून दाखवला. आवाज खणखणीत. न्यायमूर्ती हसले. मागच्या बाकांवरही हशा. मुद्दा पोचला.
पुढची तारीख १३. आमचे वकील बाहेर आल्यावर माझ्याकडे न बघताच रिक्षात बसले. भारावले असावेत.

८ एप्रिल
बाकीच्या दोघांपैकी एका प्राध्यापकाचा राजीनामा. त्याचा विषय मी घेतला. म्हणजे सहा विषय माझे. संख्या सातच राहिली.
वर्गात नऊजण. बाकीचे घरी अभ्यास करत असणार. मला झोप नाही. उकाडा फार आहे.

११ एप्रिल
माफीपत्र लिहून पाहिलं. केवळ अंदाज घ्यायला. सात मसुदे झाले. प्रत्येकात त्यांच्या चुका आपोआप येतात. आठवा बरा उतरला. स्वतः नेऊन कुलसचिवांच्या टेबलावर ठेवला.
वाचला. म्हणाले, बाई, चांगलं लिहिलंय, पण प्रकरण आता न्यायप्रविष्ट आहे. मला हे घेता येणार नाही.
दोन वेळा विनंती केली. दुसऱ्यांदा उभी राहून.

१३ एप्रिल
अडतीसच्या अडतीस विद्यार्थी कोर्टात. वकिलांना म्हटलं, बघा, पाठिंब्याला आलेत. मुलं पलीकडे, विद्यापीठाच्या बाजूला जाऊन बसली. इकडे जागा नसेल.
जागा होती. त्यांनी वेगळा अर्ज केला होता: आम्हाला दुसऱ्या कॉलेजातून परीक्षेला बसू द्या. पहिली सही भाचीची. दोन मिनिटांत मंजूर. आमच्या याचिकेला तारीख कोर्टाच्या उन्हाळी सुटीनंतरची.
घरी तिला विचारलं, मला आधी का नाही सांगितलंस? म्हणाली, सांगितलं असतं तर तू तो अर्ज तपासायला घेतला असतास, मावशी.

२० एप्रिल
परीक्षा. मुलं माझी, तेव्हा व्यवस्था पाहणं माझं काम. केंद्रावर गेले. दारावरच्या बाईंना म्हटलं, मी प्राचार्य. त्यांनी यादी काढली. म्हणाल्या, कुठल्या कॉलेजच्या प्राचार्य? सांगितलं. यादीत नाव नाही. पुन्हा सांगितलं. त्यांनी पुन्हा पाहिलं, अगदी शेवटच्या पानापर्यंत. मागे लोक खोळंबले होते. भाची आतून बघत होती.
बाई हळूच म्हणाल्या, मॅडम, नक्की कोण लिहू?
म्हटलं, पालक.
भिंतीलगत पालकांची बाकडी. एका गृहस्थांनी सरकून जागा दिली. त्यांचा मुलगा आत होता. त्यांनी विचारलं, तुमचं कोण? म्हटलं, भाची. कुठल्या कॉलेजची?
म्हटलं, होतं एक.