पायाळूची अ‍ॅडमिशन

१ जानेवारी, बुधवार

नवीन वर्षाचा संकल्प: ऑस्टिओपॅथ व्हायचं, म्हणजे हाताने दाबून-वळवून पाठी, सांधे सोडवणारी. वय बासष्ट. ठरलं.

कारणं दोन. एक, मी पायाळू आहे. जन्मताना आधी पाय बाहेर काढले, डोकं नंतर. अशा माणसाच्या पायाला गुण असतो. कुणाच्या पाठीत उसण भरली की मी पाठीवरून पाय फिरवायचा, शेवटी एक हलकी लाथ, की माणूस ताठ. बेळगावात अर्धी गल्ली मी अशी उभी केली.

दोन, ह्यांची पाठ. दिवाळीत लॉफ्टमधून पणत्यांचं खोकं काढताना धरली, ती अजून सुटलेली नाही. लंडनला आल्यापासून इतक्या वर्षांत सगळ्या स्टॅनमोरला पाय लावला, ह्यांना मात्र कधी नाही. नवऱ्याला पाय कसा लावायचा? शिवाय हे डॉक्टर. जन्मभर अ‍ॅनेस्थेटिस्ट. पायाळू म्हटलं की हसतात. म्हणतात, ब्रीच डिलिव्हरी हे क्वालिफिकेशन नव्हे.

तर क्वालिफिकेशन घेऊ. रीतसर शिकू, हाताने करू, आणि पहिला पेशंट हेच. मग बघू कोण हसतं.

५ जानेवारी, रविवार

चौकशी केली. पार्ट-टाइम कोर्स पाच वर्षांचा. वीकेंडला कॉलेज, मधे क्लिनिकचे तास, शेवटी सरकारमान्य रजिस्टरवर नाव. त्यानंतर बहुतेक लोक स्वतःचीच प्रॅक्टिस टाकतात. म्हणजे सदुसष्टाव्या वर्षी माझं करिअर सुरू. पुढच्या खोलीत ट्रीटमेंटचं टेबल बसेल. सोफा लेकीला, वरदाला देऊन टाकू. बाहेर पाटी पितळी.

फी मात्र भारी. नवं किचन करायचं ठरलं होतं, ते आता होत नाही. विद्यार्थ्यांचं लोनही मिळणार नाही, कारण मला आधीची डिग्री आहे. इंग्लिश लिटरेचरच्या बी.ए.चा आयुष्यात पहिल्यांदा कुठे संबंध आला, तोही नुकसान करायला.

ह्यांना आकडा सांगितला. वीस पेन्स जास्त लावले म्हणून जो माणूस पावसात सुपरमार्केटला परत गेला होता, तो म्हणाला, 'भर.' मला वाटलं, नीट ऐकू आलं नसेल. पुन्हा सांगितला. 'भर म्हटलं ना. तुला काहीतरी हवंच.'

पाठिंबा आहे. मन भरून आलं. थोडं चमत्कारिकही वाटलं.

१२ जानेवारी, रविवार

वरदाचा फोन. लेक मँचेस्टरला जीपी, म्हणजे फॅमिली डॉक्टर आहे, त्यामुळे शंका फार. 'आई, तू ओके आहे ना?' म्हणाली. मी माझ्या भाच्याचं, क्षितिजचं उदाहरण दिलं. तो ओहायोला ऑस्टिओपॅथीच्याच कॉलेजात आहे. ती म्हणाली, अमेरिकेत त्या कॉलेजातून पूर्ण डॉक्टर बाहेर पडतो, औषध लिहितो, ऑपरेशन करतो. इकडे तसं नाही, तू डॉक्टर नाही होणार. आणि क्षितिजच्या फीसाठी मामाने प्लॉट विकला ते विसरली का?

मी म्हटलं, घरात दोन डॉक्टर आहेत, तिसरा कशाला? मला पाठी बऱ्या करायच्यात.

मग एकदम, 'बाबाचा पाठ अजून दुखते? ब्लड्स केले का त्याचे?'

म्हटलं, अगं, पाठ दुखतेय, रक्त नाही. तिने घाईने फोन ठेवला. आईने करिअर काढलं की मुलींना जड जातं, असं कुठेतरी वाचलं होतं. खरं आहे.

२१ जानेवारी, मंगळवार

पर्सनल स्टेटमेंट. 'ह्या व्यवसायाकडे तुम्ही कसे वळलात?' कॉन्व्हेंट शाळेतल्या सिस्टर फिलोमिनांची आठवण आली.

पाचवीत असताना एका मुलीच्या पाठीला पाय लावताना त्यांनी मला पकडलं होतं. म्हणाल्या, देवाने पाय त्याच्याकडे चालत यायला दिलेत, शेजाऱ्यांना लाथा मारायला नाहीत. शिक्षा म्हणून चॅपलच्या पायऱ्या पुसल्या. दोन वर्षांनी त्याच सिस्टरनी मला शिवणाच्या खोलीत बोलावलं, दार लोटून घेतलं आणि पाठ माझ्याकडे केली. मी बूट काढले, पांढरे मोजे काढले, त्यांच्या झग्यावरून पाय फिरवला. 'मच बेटर, चाइल्ड,' म्हणाल्या, आणि खिशातली लिमलेटची गोळी दिली. त्या गोळीला नॅप्थलिनचा वास होता. अजून येतो कधीकधी.

त्याच नाताळात त्या विश्रांतीला गोव्याला गेल्या. आम्ही सगळ्यांनी मिळून कार्ड केलं. पत्ता कुणी दिला नाही. गोवा मानवलं असणार, परत आल्या नाहीत.

हे सगळं लिहिलं. गोव्याचं काढून टाकलं, शब्दमर्यादा होती.

२ फेब्रुवारी, रविवार

कॉलेजचं माहितीपत्रक नीट वाचलं. विद्यार्थी एकमेकांवर प्रॅक्टिस करतात. शॉर्ट्सवर. मी ट्रॅकपँट घालून चालेल का, असं ईमेल केलं. उत्तर फार नम्र होतं, पण शॉर्ट्सच.

दुपारी अनुराधा आली. मंडळातली मैत्रीण, तिची कंबर मी दोनदा सोडवली आहे. शॉर्ट्सचं ऐकून तिला चहाचा ठसका लागला. म्हणाली, 'म्हणजे वीणा, पाच वर्षं शिकून तू तेच करणार जे आम्हाला फुकट करतेस, आणि वर साठ पौंड घेणार. त्यापेक्षा आत्ता एक लाथ दे, जुन्या भावात.' दिली.

निघताना हॉलमध्ये कोट घालता घालता तिने आवाज खाली करून विचारलं, 'पद्माकरराव एवढे कधी गं उतरले?' मी म्हटलं, डाएट. जानेवारीपासून तूप बंद केलंय. ह्यांच्या पँटच्या पट्ट्याला नवी भोकं पाडावी लागली. तोच डाएट करून मी दोन किलो वाढले, पण प्रत्येकाचं शरीर वेगळं.

११ फेब्रुवारी, मंगळवार

हे आता दर मंगळवारी ब्रिज खेळायला जातात. बरं आहे, मन रमतं. आज आल्यावर कोपराच्या आत गोल छोटं प्लास्टर, सुई टोचल्यावर चिकटवतात तसं. पत्ते खेळताना तिथे काय लागणार? विचार केला आणि उलगडलं. गुपचूप रक्तदान करतात. स्वभावच तसा. चांगल्या कामाची वाच्यता नको.

संध्याकाळी बीट घातलेली कोशिंबीर केली. ह्यांनी अर्धी नॅपकिनखाली झाकून ठेवली होती.

१६ फेब्रुवारी, रविवार

आज मला बॉयलर शिकवला. प्रेशर कमी झालं तर कुठला नळ, किती फिरवायचा. मग बँकेचं अ‍ॅप. मग गाडीची एमओटी, म्हणजे वर्षाची तपासणी, कधी. मग कचऱ्याची बिनं: निळं रीसायकलिंगचं, ब्राऊन बागेचं, कुठल्या आठवड्यात कुठलं बाहेर. मी म्हटलं, हे सगळं तुम्ही करता की. म्हणाले, 'स्टुडंटने इंडिपेंडंट असावं.'

किती पुढचा विचार. मी अभ्यासात बुडाले की घर अडू नये म्हणून. पण मग स्वतःच का शिकून घेत नाहीत पोळ्या? हे विचारायचं राहिलं.

बॉयलरपाशी वाकून उठताना भिंत धरली. पाठ. ऑस्टिओपॅथी लवकर यायला हवी.

२४ फेब्रुवारी, सोमवार

इंटरव्ह्यूचं बोलावणं आलं. अठरा मार्च. मी नाचले नाही, पण जवळजवळ.

सकाळी चहा घेऊन गेले तर हे पुन्हा खुर्चीत. हल्ली रोजच. ह्यांना ती रिक्लायनर इतकी आवडेल असं वाटलं नव्हतं, सेलमध्ये घेतली होती. जन्मभर लोकांना झोपवलं, आणि आता म्हणतात आडवं पडवत नाही. मी नवी गादी बघून ठेवली आहे, ऑर्थोपेडिक.

२ मार्च, रविवार

मॉक इंटरव्ह्यू. हे परीक्षक. मी साडीवर ब्लेझर घातला. सुरुवातीचे प्रश्न सोपे होते: टीमवर्क, वेळेचं नियोजन. मग म्हणाले, 'सत्तरीचा माणूस आलाय. काही महिने पाठ दुखतेय. काय करशील?'

मी: कुठे दुखतं ते हाताने चाचपीन, मग सैल करीन.

'चूक. आधी विचार. रात्री दुखतं का, आडवं पडून थांबतं का, वजन उतरलंय का, पाय बधिर होतात का.'

म्हटलं, आणि सगळ्याला हो म्हणाला तर?

'तर हात लावायचा नाही. त्याच दिवशी डॉक्टरकडे पाठवायचा. तुमच्या धंद्यात कुणाला हात लावायचा नाही, ते आधी कळावं लागतं.' मग बराच वेळ माझ्याकडे बघत राहिले. 'कळलं का, वीणा?'

मी म्हटलं, कळलं, पण असला अवघड प्रश्न ते नाही विचारणार. पुढचा घ्या. ह्यांनी पुढचा घेतला. टाय सोडून ठेवला आणि म्हणाले, दमलो.

८ मार्च, शनिवार

वरदा न सांगता आली. मँचेस्टरहून, धावतपळत. बापलेक बागेत फेऱ्या मारत होते, मी खिडकीतून हात केला, त्यांनीही केला. आत आली तेव्हा तिचे डोळे लाल. 'हे-फीव्हर,' म्हणाली, परागकणांची सर्दी. मार्चमध्ये, थंडीत. हवामान बदललंय हेच खरं.

मला मिठी मारली, सोडेचना. मी पाठ थोपटली, म्हटलं, अगं, वीकेंडचंच कॉलेज आहे, रोज घरी असेन. ती म्हणाली, 'आई, तुला खरंच नाही समजत का तू समजायचं नाही?' तिचं मराठी असं, अर्थ लावावा लागतो. मी पुरणपोळी वाढली.

१८ मार्च, मंगळवार

इंटरव्ह्यू झाला.

पॅनेलवर दोन बायका, एक तरुण. शारीरिक ताकद आहे का, विचारलं. म्हटलं, चाळीस वर्षं कणीक तिंबतेय. हसले. मग मधल्या बाई म्हणाल्या: सत्तरीचा पुरुष, काही महिने पाठदुखी. काय कराल?

तोच प्रश्न. मनात म्हटलं, शाब्बास.

म्हटलं, आधी विचारीन. काय विचाराल? म्हटलं, विचारीन की पलंगावर झोपता की खुर्चीत. पट्ट्याला नवी भोकं पाडलीत का. ताटातलं संपवता की नॅपकिनखाली झाकता. उठताना भिंत धरता का. कोपराला प्लास्टर कसलं आहे. मंगळवारी ब्रिजला जातो म्हणून सांगून कुठे जाता. बायकोला अचानक बॉयलर का शिकवायला घेतलात.

तरुणाने लिहायचं थांबवलं.

आणि मग? बाईंनी हळूच विचारलं.

मग हात लावणार नाही, म्हटलं. त्याच दिवशी डॉक्टरकडे.

बाईंनी विचारलं, पाणी हवंय का. मी म्हटलं, नको, मी ठीक आहे. पाणी आणलंच.

ट्यूब ट्रेन स्टॅनमोरलाच संपते म्हणून बरं, नाहीतर उतरायचं सुचलं नसतं.

ह्यांनी दार उघडलं. कसा झाला? म्हटलं, सोपा होता. तुम्ही घेतलात तसाच. हे म्हणाले, 'मग बरोबर उत्तर दिलं असशील.' मी कुकर लावला.

२७ मार्च, गुरुवार

अ‍ॅडमिशन मिळाली. मेलमध्ये लिहिलंय की उमेदवाराची निरीक्षणशक्ती असामान्य आहे. ह्यांना वाचून दाखवलं. ह्यांनी ते वाक्य पुन्हा वाचायला लावलं. मग म्हणाले, 'मी तुला उगाच हसत होतो इतकी वर्षं.'

ह्या माणसाने कधी कुठल्याच बाबतीत माघार घेतलेली नाही. मला हसलेलं परवडलं असतं.

शिरा केला, तूप घालून. दोन चमचे खाल्ला. डाएट, असं लिहिणार होते.

३० मार्च, रविवार. गुढीपाडवा

घड्याळं एक तास पुढे. वरदा काल आली, रजा काढून. किती दिवसांची, विचारलं नाही. तिने बाल्कनीत गुढी बांधली, थोडी तिरकी, साखरेची माळ मंडळातून.

गुढी उभी राहिल्यावर हे आत आले आणि म्हणाले, 'तुझा तो पाय लाव बघू.'

मी म्हटलं, नवऱ्याला पाय लावत नाहीत. आणि तुम्हीच शिकवलंत ना, कुणाला हात लावायचा नाही ते.

'हात म्हणालो. पायाचं काही म्हणालो नव्हतो.'

स्टुलावर बसले, पाठ माझ्याकडे केली. बनियनमधून मणका अन् मणका दिसत होता. मी पलंगाच्या कडेला बसले. मोजा काढला. पाय गार असेल म्हणून आधी हाताने चोळून ऊन केला. मग वरून खाली, कंदिलाची काच पुसतात तेवढ्या हलकेपणाने फिरवला. लाथ मारली नाही.

'बरं वाटलं,' हे म्हणाले.

सिस्टर फिलोमिना गोव्याला गेल्या नव्हत्या. ते मला तेव्हाही माहीत होतं बहुतेक.

कॉलेजला कळवलं, यंदा जमणार नाही. उद्या निळं बिन. लक्षात आहे.