आईचं भूत

प्रिय बारक्या,

'प्रिय' सवयीनं लिहिलं गेलं. खोडणार होते, पण आधीच एक कागद चुरगाळून झाला आहे. लांबलचक वाचायचा तुला कंटाळा, हे ठाऊक आहे. हे मात्र शेवटपर्यंत वाच.

माझी लेक मैत्रिणींबरोबर आपल्या घाटातल्या गावी जाऊन आली. 'भुताचं स्टेशन' म्हणून तू तिकीट लावून दाखवतोस तेच गाव. सख्ख्या भाचीला तू ओळखलं नाहीस. कसं ओळखणार, शेवटचा आलास तेव्हा ती रांगत होती. तिनं मोबाइलवर तुझा व्हिडिओ दाखवला. अंगात काळा कोट, हातात कंदील, आवाज विहिरीतून आल्यासारखा. म्हणे, नवऱ्यानं टाकलं म्हणून एका बाईनं त्याच्याच गाडीखाली जीव दिला, तिच्या शापानं गाव ओस पडलं, आणि अजूनही धुकं उतरलं की ती लाल कपडा हलवत रुळावर उभी राहते. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. ती बाई माझ्या शेजारी बसून वाटाणे सोलत होती, बारक्या.

शाप कसला डोंबलाचा? आपलं गाव वसलं ते चढामुळे. एका इंजिनाला तो चढ झेपायचा नाही, म्हणून प्रत्येक गाडी आपल्याकडे थांबायची आणि मागून ढकलायला दुसरं इंजिन जोडलं जायचं. ते मागचं इंजिन बाबा चालवायचे. गाडी थांबते म्हणून चहाची टपरी आली, टपरीमागून दुकानं, मग शाळा, दवाखाना. पुढे दमदार इंजिनं आली, ढकलायची गरज उरली नाही आणि गाड्या शिट्टी मारून निघून जायला लागल्या. आधी डॉक्टर गेले, मग मास्तर, मग शेजारी. कुणी मेलं नाही. बदलीचे कागद आले आणि माणसं सामान बांधून निघाली. बाबांची बदली खालच्या यार्डात झाली, आणि तिथं घर मिळेपर्यंत आपण तिघं वर राहिलो. पण एवढंच सांगितलं तर तिकीट कोण काढणार?

आता लाल कपड्याचं. त्या हिवाळ्यात तुला ताप चढला, तू डोळे पांढरे केलेस. दवाखाना थेट खालच्या शहरात, आणि रस्ता पावसाळ्यात दरड कोसळल्यापासून बंद. आईनं तुला माझ्या कडेवर दिलं, पलंगावरची लाल चादर ओढली आणि रुळांच्या मधोमध जाऊन उभी राहिली. गाडी तिच्या पुढ्यात येऊन थांबली. मी डोळ्यांनी पाहिलंय. ड्रायव्हरनं नको नको त्या शिव्या घातल्या, खाली पोलिसांनी तिला कोठडीत बसवलं, बाबांची नोकरी जाता जाता राहिली. तू वाचलास. हे घरात इतक्यांदा बोलून झालंय की आपल्याला ठाऊकच नव्हतं असं म्हणू नकोस.

पोटासाठी माणूस काय काय करतो, ते मला कळतं. लाव की मीठमसाला. हवं तर बाबांना भूत कर. ते गेलेच आहेत, आणि त्यांना गंमतच वाटली असती. पण तू जित्या बाईला मारलंस, तेही नवऱ्यानं टाकलेली म्हणून. लाज कशी वाटली नाही तुला?

आईनं व्हिडिओ दोनदा पाहिला. ती रडली नाही की रागावली नाही, आणि त्याचाच मला जास्त राग आला. तिनं एवढंच विचारलं, की बाकी सगळं आहे, पण यात तो कुठेय? माझं पोर कुठेय? मी विषय बदलला. दुसऱ्या दिवशी चहा पिताना तिनं पुन्हा तेच विचारलं.

तर पत्राचं कारण. तुझ्या रविवारच्या पहिल्या फेरीची तिकिटं लेकीनं काढली आहेत. आईचे गुडघे साथ देत नाहीत, तरी ती येणार म्हणजे येणारच. ती सगळ्यांच्या पुढे उभी असेल. तिच्यासमोर कोणती गोष्ट सांगायची ते तू ठरव. मी तर तुला कळवणारच नव्हते. चारचौघांत तोंडघशी पडलास तर बरंच, असं मनात होतं. पण आईनंच मला लिहायला बसवलं. म्हणाली, एकदम समोर दिसले तर पोरगं घाबरेल.

तुझीच, राग न गेलेली
ताई